हेलकाव्याचा हिशेब

सृष्टींतील कित्येक वस्तूंचा असा स्वभाव आहे कीं, त्या आपल्या ठिकाणावरून ढळल्या म्हणजे परत येऊं पाहतात, आणि परत येतांना आपलें ठिकाण ओलांडून पलीकडे जातात. झोपाळा मागें ओढून सोडला तर तो मध्यावर थांबत नाहीं. सतारीची तार छेडली असतां कांहीं वेळ कांपत राहते. मोटारीचें चाक खड्ड्यांत आदळलें म्हणजे आंतील उतारू क्षणभर खालींवर हेलकावतात. या सर्व हालचालींचें कूळ एकच आहे, आणि त्या कुळांत सर्वांत साधें, म्हणूनच अभ्यासास सर्वांत सोयीचें उदाहरण म्हणजे स्प्रिंगला टांगलेलें वजन होय. प्रस्तुत लेखांत त्याचाच विचार करण्याचें आम्हीं योजिलें आहे.

विषय पाठ्यपुस्तकांतील आहे खरा; परंतु पाठ्यपुस्तकांत तो दोन सूत्रांत आटोपतो, आणि विद्यार्थी तीं सूत्रें पाठ करून मोकळा होतो. या साध्या हेलकाव्याचा हिशेब बरोबर समजल्यामुळें समुद्रावर वाट चुकणाऱ्या जहाजांना आपलें ठिकाण कसें कळूं लागलें, हें मात्र त्याला कोणी सांगत नाहीं. म्हणून आधीं हिशेब आणि मग त्याचें फळ, असा क्रम आम्हीं ठेविला आहे. पालकांनींहि तो मुलांबरोबर वाचावा, अशी आमची विनंति आहे.

प्रयोगास फारसें साहित्य लागत नाहीं. भक्कम खुंटीला एक लांब व मऊ स्प्रिंग टांगावी आणि तिच्या शेजारीं मोजपट्टी उभी करावी. स्प्रिंगचीं वेटोळीं एकमेकांस घट्ट चिकटलेलीं नसावींत. समजा, १०० ग्रॅम वजन अडकविलें असतां ही स्प्रिंग ५ सेंटिमीटर लांबते. मग २०० ग्रॅम अडकविलें असतां ती १० सेंटिमीटर लांबेल, आणि ५०० ग्रॅम अडकविलें असतां २५ सेंटिमीटर. वजन जितक्या पटीनें वाढवावें तितक्याच पटीनें ताण वाढतो. भाजीवाल्याच्या किंवा रद्दीवाल्याच्या हातांतील ताणकाटा याच नियमावर चालतो. त्याच्या पट्टीवरील रेषा समान अंतरावर असतात त्या यामुळेंच.

हा नियम रॉबर्ट हूक या इंग्रज शास्त्रज्ञांनीं शोधून काढला, आणि तो प्रसिद्ध करण्याची त्यांची रीत मोठी मौजेची होती. १६७६ सालीं त्यांनीं एका पुस्तकाच्या शेवटीं चौदा अक्षरें वर्णक्रमानें छापलीं. त्यांवरून कोणासहि कांहीं अर्थबोध होण्यासारखा नव्हता. शोधावर आपला हक्क तर नोंदला जावा, पण दुसऱ्याला त्याचा सुगावा लागूं नये, अशी ही युक्ति होती. पुढें दोन वर्षांनीं, १६७८ सालीं, त्यांनीं आपलें कोडें आपणच फोडलें. तीं अक्षरें योग्य क्रमानें लाविलीं असतां एक लहानसें लॅटिन वाक्य तयार होत होतें, आणि त्याचा भावार्थ हाच कीं, जसा ताण तसें बल. या नियमास मर्यादा मात्र आहे. स्प्रिंग हद्दीबाहेर ताणली तर ती पूर्ववत् होत नाहीं, आणि मग नियमहि लागू राहत नाहीं.

आतां ५०० ग्रॅमचें वजन स्प्रिंगला तसेंच राहूं द्यावें. २५ सेंटिमीटर ताणून स्प्रिंग स्थिर झाली आहे. या जागेस आपण मध्यस्थान म्हणूं. येथें वजनास खालीं ओढणारें पृथ्वीचें आकर्षण आणि वर ओढणारी स्प्रिंग यांचें बल अगदीं सारखें आहे. वजन हातानें आणखी १० सेंटिमीटर खालीं ओढावें व अलगद सोडावें. तें वर येतें, मध्यस्थान ओलांडतें, सुमारें १० सेंटिमीटर वर जातें, तेथें क्षणमात्र थांबतें, आणि पुन्हां खालीं येऊं लागतें.

येथें विद्यार्थ्यांस एक प्रश्न विचारण्यासारखा आहे. या सगळ्या प्रवासांत वजनावर सर्वांत अधिक बल कोठें असतें? पुष्कळ मुलें चटकन् उत्तर देतात कीं, जेथें वेग सर्वांत अधिक तेथें. आणि टोकाला वजन थांबतें, म्हणून तेथें बल नसावें. वस्तुस्थिति नेमकी उलट आहे. खालच्या टोकाला स्प्रिंग एकंदर ३५ सेंटिमीटर ताणलेली असते, म्हणजे ती ७०० ग्रॅमच्या वजनाइतक्या बलानें वर ओढीत असते. खालीं ओढणारें वजन ५०० ग्रॅमचेंच. बाकी २०० ग्रॅमच्या वजनाइतकें बल त्यास वर नेण्यास शिल्लक राहतें. वरच्या टोकाला स्प्रिंग १५ सेंटिमीटरच ताणलेली, म्हणजे तिचें बल ३०० ग्रॅमचें. तेथेंहि २०० ग्रॅमची बाकी उरते, पण ती खालच्या दिशेनें. मध्यस्थानीं बाकी शून्य असते, आणि तेथेंच वजन सर्वांत वेगानें धांवत असतें. त्याला तेथें थांबवणारें कोणी नसतें, म्हणून तें थांबत नाहीं. यालाच आपण जडत्व म्हणतों. टोकाला तें थांबतें, पण तेथें त्याला परत फिरवणारें बल सर्वांत मोठें असतें, म्हणून तें थांबून राहत नाहीं. तेव्हां थांबणें म्हणजे बल नसणें नव्हे, आणि धांवणें म्हणजे बल असणें नव्हे. एवढी एक गोष्ट मनांत पक्की ठसली तर गतिशास्त्राचा अर्धा अभ्यास झाला, असें समजण्यास हरकत नाहीं.

मग टोकाला वजन थांबलेलें असतां त्याची धांव कोठें गेली? याचें उत्तर ऊर्जेच्या हिशेबांत आहे. ऊर्जा म्हणजे कार्य करण्याची पात्रता. हलत्या वस्तूजवळ ही पात्रता तिच्या वेगामुळें असते. तिला गतिज ऊर्जा म्हणतात. ताणलेल्या स्प्रिंगजवळ ती तिच्या स्थितीमुळें असते. तिला स्थितिज ऊर्जा म्हणतात. एखाद्या दुकानदाराचें उदाहरण घ्या. सकाळीं त्याचें दुकान मालानें भरलेलें असतें आणि गल्ला रिकामा असतो. माल खपत जातो तसतसा गल्ला भरत जातो. सर्व माल संपला म्हणजे सर्व भांडवल रोख झालें; पुन्हां त्या रोख रकमेचा माल भरला म्हणजे गल्ला रिकामा झाला. आपला दुकानदार मुद्दल किमतीलाच विकणारा आहे, नफाहि नाहीं आणि तोटाहि नाहीं, असें मानूं. भांडवल तेवढेंच राहतें, रूप मात्र बदलतें. स्प्रिंगला टांगलेल्या वजनाचा व्यापार असाच आहे. टोकाला सगळें भांडवल सांठ्यांत असतें, मध्यस्थानीं तें सगळें गतींत असतें, आणि वाटेंत कोठेंहि दोहोंची बेरीज केली तरी ती सारखीच येते.

चौकस विद्यार्थी येथें एक शंका काढील. वजन वर जातांना त्याची उंची वाढते. उंचीमुळेंहि स्थितिज ऊर्जा मिळते. तिचा हिशेब कोठें गेला? शंका रास्त आहे. उंचीचें खातें आणि ताणाचें खातें हीं दोन्हीं मिळून सांठा होतो. परंतु पृथ्वीचें आकर्षण वर, खालीं व मध्यें सारखेंच असल्यामुळें त्यानें एवढेंच केलें आहे कीं, मध्यस्थान २५ सेंटिमीटर खालीं सरकविलें आहे. त्या नव्या मध्यस्थानापासून अंतर मोजलें असतां दोन्ही खात्यांची बेरीज केवळ त्या अंतरावरच अवलंबून राहते, आणि हिशेब पुन्हां साधा होतो.

आतां प्रत्यक्ष आंकडे मांडूं. वजन १० सेंटिमीटर ओढण्यास आपल्या हातानें जें कार्य केलें तें सुमारें एक दशांश ज्यूल भरतें. ज्यूल हें ऊर्जेचें माप असून, १०० ग्रॅमची वस्तु एक मीटर वर उचलण्यास साधारणपणें एक ज्यूल लागतो. तेव्हां आपलें भांडवल फार लहान आहे. १०० ग्रॅमची वस्तु १० सेंटिमीटर उचलण्यापुरतेंच. तें सर्व मध्यस्थानीं गतीच्या रूपांत येतें, तेव्हां वजनाचा वेग सेकंदास सुमारें ६३ सेंटिमीटर असतो.

अर्ध्या वाटेवर, म्हणजे मध्यस्थानापासून ५ सेंटिमीटर अंतरावर, काय स्थिति असेल? अर्धा सांठा आणि अर्धी गति, असें उत्तर ओघानेंच सुचतें. पण तें चूक आहे. स्प्रिंग ताणतांना पहिल्या सेंटिमीटरला श्रम थोडे पडतात, दुसऱ्याला अधिक, तिसऱ्याला त्याहून अधिक. अंतर दुप्पट झालें तर शेवटचें बल दुप्पट होतें, सरासरी बलहि दुप्पट होतें, आणि तें दुप्पट अंतरावर चालवावें लागतें. म्हणून कार्य चौपट होतें. याचाच अर्थ, अर्ध्या अंतरावर सांठा चतुर्थांशच असतो. उरलेली तीनचतुर्थांश ऊर्जा गतींतच असते, आणि तेथें वजनाचा वेग सेकंदास सुमारें ५४ सेंटिमीटर असतो. अर्धी वाट सरली तरी वेग जेमतेम सातवा-आठवा हिस्सा घटलेला असतो! दोन्ही खातीं समसमान होतात तीं मध्यस्थानापासून सुमारें ७ सेंटिमीटर अंतरावर. त्यापुढील तीन सेंटिमीटरांत उरलेल्या अर्ध्या भांडवलाचा सांठा होतो.

यामुळें वेळेची वांटणीहि विषम होते. मध्यस्थानापासून पहिले ५ सेंटिमीटर जाण्यास सेकंदाचा सुमारें बारावा भाग लागतो, आणि पुढच्या ५ सेंटिमीटरांस सहावा भाग, म्हणजे बरोबर दुप्पट. वजन मध्यावर धांवतें आणि कडेला रेंगाळतें. झोपाळ्यावर बसलेल्या मुलाला अगदीं टोकाला जाऊन क्षणभर अधांतरीं थांबल्यासारखें वाटतें, त्याचेंहि कारण हेंच.

एका पूर्ण हेलकाव्यास, म्हणजे खालून वर जाऊन परत खालीं येण्यास, या वजनाला सुमारें एक सेकंद लागतो. एक हेलकावा मोजण्यांत चूक होते, म्हणून वीस हेलकावे मोजावे. वीस सेकंदांच्या आसपास वेळ भरेल. स्प्रिंग स्वतः जड असेल तर वेळ थोडा अधिक लागेल, कारण तिच्या वस्तुमानाचा सुमारें तिसरा हिस्सा टांगलेल्या वस्तुमानांत मिळवावा लागतो. आतां खरी गंमत पुढें आहे. वजन १० ऐवजीं ५ सेंटिमीटरच ओढून सोडावें आणि पुन्हां वीस हेलकावे मोजावे. वाट निम्मी झाली, तेव्हां वेळहि निम्मा लागेल असें वाटतें. परंतु घड्याळ पुन्हां तोच आंकडा दाखवितें. वाट निम्मी झाली खरी, पण परत फिरवणारें बलहि निम्मेंच झालें, आणि त्यामुळें वेगहि निम्मा झाला. निम्मी वाट निम्म्या वेगानें चालणारास पूर्वीइतकाच वेळ लागणार. हेलकावा मोठा असो वा लहान, काल तोच. वजन बदललें मात्र काल बदलतो. ५०० ग्रॅम काढून त्याचा चतुर्थांश, म्हणजे १२५ ग्रॅम लाविलें, तर हेलकाव्यास अर्धा सेकंद पुरेल.

यासंबंधीं आणखी एक मेळ पाहण्यासारखा आहे. दोऱ्याला लहानशी जड गोळी बांधून २५ सेंटिमीटर लांबीचा लंबक करावा आणि तो स्प्रिंगच्या शेजारीं थोडासा झुलवावा. त्याचाहि हेलकावा सुमारें एका सेकंदाचाच असतो. वजनामुळें स्प्रिंग जितकी लांबली तितक्या लांबीचा लंबक तिच्याबरोबर पाऊल टाकून चालतो. दोघांत एक भेद आहे. लंबकाला पृथ्वीच्या आकर्षणावांचून परत येतां येत नाहीं; चंद्रावर नेला तर तो मंद होईल, आणि हलत्या जहाजावर ठेविला तर गोंधळून जाईल. स्प्रिंगचें बल तिच्या पोलादांत असतें, म्हणून ती कोठेंहि नेली तरी आपला काल सोडीत नाहीं. या भेदावरच जहाजांचें भवितव्य अवलंबून होतें. तिकडे आतां वळूं.

भर समुद्रांत नावाड्याला दोन गोष्टी जाणून घ्याव्या लागतात: आपण विषुववृत्ताच्या किती उत्तरेस वा दक्षिणेस आहों, आणि किती पूर्वेस वा पश्चिमेस. पहिली गोष्ट सूर्याच्या वा ध्रुवाच्या उंचीवरून कळते. दुसरीसाठीं वेळ लागते. पृथ्वी चोवीस तासांत एक फेरा करिते, म्हणजे तासाला १५ अंश आणि चार मिनिटांना एक अंश फिरते. नागपूर मुंबईच्या पूर्वेस सव्वासहा अंशांच्या आसपास आहे. म्हणून नागपुरास सूर्य माथ्यावर येतो तो मुंबईच्या सुमारें २५ मिनिटें आधीं. उलट, या २५ मिनिटांचा फरक कोणाला अचूक मोजतां आला तर दोन शहरांमधील रेखांशांचा फरक त्याला घरबसल्या काढतां येईल. नावाड्यालाहि हेंच करावयाचें असतें. स्थानिक मध्यान्ह सूर्यावरून कळते. स्वदेशच्या बंदरांत त्या क्षणीं किती वाजले आहेत हें सांगणारें घड्याळ मात्र जवळ पाहिजे.

असें घड्याळ नव्हतें तेव्हां काय होई, याचें एक उदाहरण इतिहासांत प्रसिद्ध आहे. १७०७ सालीं सर क्लाउडस्ली शोव्हेल या इंग्रज आरमारप्रमुखाचा तांडा भूमध्य समुद्राकडून परत येत होता. हवा खराब होती, आणि आपण कोठें आहों याचा अंदाज चुकला. इंग्लंडच्या नैर्ऋत्येस असलेल्या सिली बेटांच्या खडकांवर रात्रीं चार जहाजें आदळून बुडालीं. चौदाशें ते दोन हजार माणसें घराच्या दाराशीं येऊन प्राणांस मुकलीं. त्यांत खुद्द शोव्हेलहि होता. पुढें १७१४ सालीं ब्रिटिश पार्लमेंटनें कायदा करून रेखांश अर्ध्या अंशाच्या आंत काढण्याची रीत शोधणारास २०,००० पौंडांचें बक्षीस लाविलें. अर्धा अंश म्हणजे दोन मिनिटें. सहा आठवड्यांच्या प्रवासांत एकंदर दोन मिनिटें, म्हणजे दिवसाला सुमारें तीन सेकंद, एवढीच चूक क्षम्य होती.

ख्रिस्तियन हायगेन्स या डच शास्त्रज्ञांनीं १६५६ सालीं लंबकाचें घड्याळ बनविलें होतें. जमिनीवर तें उत्तम चाले; जहाजावर त्याचा उपयोग होईना. १६७५ सालीं त्यांनीं दुसरी युक्ति प्रसिद्ध केली. एका लहान चाकाला केसासारखी बारीक, चक्राकार वळविलेली कमान जोडावी. चाक एका बाजूला फिरलें कीं कमान पिळली जाते आणि त्याला परत फिरविते. तें मध्य ओलांडून दुसऱ्या बाजूला जातें, आणि कमान त्याला पुन्हां परत आणते. हें आपलेंच स्प्रिंगला टांगलेलें वजन होय. खालींवर जाण्याऐवजीं तें गोल फिरतें, आणि ताणण्याऐवजीं कमान पिळली जाते, इतकाच भेद. हा शोध आपला आहे असें हूक यांचेंहि म्हणणें होतें, आणि त्यावरून दोघांत मोठा वाद झाला.

तरीहि समुद्रावरील घड्याळाला पुढें ऐंशींहून अधिक वर्षें लागलीं, आणि तें काम तडीस नेलें तें जॉन हॅरिसन यांनीं. हे यॉर्कशायरमधील एका सुताराचे चिरंजीव. स्वतःहि सुतारकामच शिकले होते. त्यांचें पहिलें सागरी घड्याळ १७३५ सालीं पुरें झालें. त्यानंतर दुसरें, तिसरें, असें करीत १७५९ सालीं त्यांनीं चौथें घड्याळ तयार केलें. तें तळहाताएवढें, सुमारें १३ सेंटिमीटर व्यासाचें होतें. त्यांतील चाक जलद फिरे, दर सेकंदाला पांच ठोके देई, आणि त्याचा हेलकावाहि मोठा होता. यामागील विचार आपल्या हिशेबाच्या भाषेंत असा सांगतां येईल: ज्याचें भांडवल मोठें त्याला लहानसहान धक्का हालवीत नाहीं. लाटेच्या हिसक्यानें चाकाला जी ऊर्जा मिळे किंवा त्याची जी ऊर्जा जाई, ती त्याच्या स्वतःच्या ऊर्जेपुढें नगण्य ठरे. उष्णतेनें कमान किंचित् मऊ होते, त्यावरहि त्यांनीं दोन धातूंच्या जोडपट्टीची योजना केली.

नोव्हेंबर १७६१ मध्यें हॅरिसन यांचे पुत्र विल्यम हें घड्याळ घेऊन पोर्ट्समथहून जमैकाला निघाले. जानेवारी १७६२ मध्यें तेथें पोहोंचल्यावर, घड्याळाच्या रोजच्या ठरीव फरकाचा हिशेब करून पाहिलें, तों तें एकंदर सुमारें पांच सेकंदच चुकलेलें आढळलें. पांच सेकंद म्हणजे जमैकाच्या समुद्रांत सव्वादोन किलोमीटरांच्या आसपास. दोन मिनिटांच्या सवलतीपुढें हें यश केवढें! तरीहि बक्षीस देणाऱ्या मंडळाचें समाधान होईना. नव्या अटी, नव्या चांचण्या निघत गेल्या. १७६५ सालीं हॅरिसन यांना अर्धी रक्कम मिळाली. बाकीची बहुतेक रक्कम राजे तिसरे जॉर्ज यांनीं लक्ष घातल्यावर १७७३ सालीं पार्लमेंटनें दिली, तेव्हां हॅरिसन यांचें वय ऐंशी वर्षांचें होतें. दरम्यान त्याच घड्याळाची लार्कम केंडॉल यांनीं केलेली प्रतिकृति घेऊन कॅप्टन कुक १७७२ सालीं दक्षिण समुद्रांत गेले होते. १७७५ सालीं ते परत आले ते तिची स्तुति करीतच.

आतां हिशेबांतील एक बाब राहिली. आपण स्प्रिंगला टांगलेलें वजन कायमचें हेलकावत नाहीं. हेलकावे लहान लहान होत जातात आणि शेवटीं तें थांबतें. नफातोट्याविना व्यापार चालतो असें आम्हीं म्हटलें खरें, पण व्यवहारांत प्रत्येक फेऱ्यास थोडी दलाली द्यावी लागतेच. कांहीं ऊर्जा हवा बाजूस सारण्यांत जाते, कांहीं स्प्रिंगच्या धातूंतील अंतर्गत घर्षणांत, कांहीं खुंटीला हादरविण्यांत. ती नाहींशी होते काय? नाहीं. तिची उष्णता होते. आपल्या एक दशांश ज्यूलची सगळी उष्णता एक ग्रॅम पाण्यास दिली तरी त्याचें तापमान एका अंशाच्या चाळिसाव्या भागानेंहि वाढणार नाहीं; म्हणून ती आपल्याला जाणवत नाहीं. परंतु एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास जेम्स प्रेस्कॉट ज्यूल यांनीं असेच सूक्ष्म फरक चिकाटीनें मोजून, खर्च झालेलें कार्य आणि उत्पन्न झालेली उष्णता यांचें प्रमाण ठरीव आहे, हें दाखवून दिलें. ऊर्जेच्या मापास त्यांचें नांव मिळालें तें त्यामुळेंच.

या दलालीकडे पाहण्याची दृष्टि कामावर अवलंबून असते. घड्याळांत ती नको असते. म्हणून किल्ली दिलेली मोठी कमान प्रत्येक ठोक्याला चाकास हलकासा धक्का देऊन तूट भरून काढते. मोटारींत ती हवी असते. चाकांवरील स्प्रिंगा एकट्या असत्या तर एका खड्ड्याचे हेलकावे पुढच्या खड्ड्यापर्यंत पुरले असते. म्हणून त्यांच्या जोडीला तेलाचे धक्काशोषक बसवितात. स्प्रिंगची ऊर्जा तेल ढवळण्यांत खर्च होते आणि गाडी लवकर शांत होते.

हूक आणि हॅरिसन यांच्या काळांतील हें ज्ञान आजहि जुनें झालेलें नाहीं. अंतराळयानांत वजन म्हणून कांहीं जाणवतच नाहीं. तराजूची दोन्ही पारडीं तेथें निरर्थक होतात. मग तेथें राहणाऱ्या माणसाचें वजन घटलें कीं वाढलें, हें वैद्यांनीं कसें ठरवावें? १९७३ सालीं अमेरिकेच्या स्कायलॅब या अवकाशस्थानकांत याची युक्ति वापरली गेली. स्प्रिंग लावलेल्या खुर्चींत अंतराळवीराला घट्ट बसवून खुर्ची हेलकावूं देत, आणि हेलकाव्याचा काल मोजीत. वस्तुमान जितकें अधिक तितका काल अधिक. तेव्हां कालावरून वस्तुमान निघतें. शाळेंतील वजन आणि स्प्रिंग घेऊन आपण जें मोजतों, तेंच तेथें आभाळांत मोजलें गेलें. आपल्या मनगटावरील क्वार्ट्झ घड्याळांतहि स्फटिकाचा एक बारीक चिमटा सेकंदास ३२,७६८ वेळां कांपत असतो; त्याला परत फिरविते ती स्फटिकाची स्थितिस्थापकता, म्हणजे तीच स्प्रिंग.

विद्यार्थ्यांनीं हा लेख वाचून ठेवून न देतां प्रयोग अवश्य करावा. स्प्रिंग न मिळाल्यास कांहीं रबरी फिती एकमेकांस जोडून काम भागतें. मात्र रबर हूक यांचा नियम ढोबळपणेंच पाळतें, आणि त्यांत दलाली फार, हें ध्यानांत ठेवावें. वजन स्प्रिंगच्या हद्दीबाहेरचें नसावें, आणि तोंड जवळ नेऊन पाहूं नये. प्रथम वजन व ताण यांचा तक्ता करावा. मग मोठे व लहान हेलकावे घेऊन प्रत्येकी वीसांचा काल मोजावा. शेवटीं वस्तुमान चौपट करून काल दुप्पट होतो कीं नाहीं, हें पाहावें. तो बरोबर दुप्पट आला नाहीं तर आंकडे खोडूं नयेत. स्प्रिंगचें स्वतःचें वस्तुमान हिशेबांत धरावें आणि फरक किती उरतो तें पुन्हां लिहून ठेवावें.